गॅस बदलला, ऑइल तेच राहिलं : पुणे-नाशिक रस्त्यावरच्या एसी गाड्यांचा इतिहास

जुन्नर-आंबेगावच्या इतिहासावर बोलायचं म्हटलं की आपली गाडी नाणेघाटातून सुटते. सातवाहनांचा शिलालेख, जकातीसाठी होता असं सांगतात तो दगडी रांजण, मग लेणी, मग शिवनेरी. ते योग्यच आहे. पण व्यापारी वाट हा या मुलखाचा कणा मानला, तर आजची वाट पुणे-नाशिक रस्ता आहे. चाकण, राजगुरुनगर, खेडचा घाट, पेठ, मंचर, कळंब, नारायणगाव, आळेफाटा. या रस्त्यावर धावणाऱ्या गाड्यांच्या पोटात गेल्या तीस-पस्तीस वर्षांत एक स्थित्यंतर होऊन गेलं आणि त्याची नोंद कुठल्याच दगडावर नाही. ते स्थित्यंतर गाडीच्या एसीतल्या गॅसचं आहे.

हसू नका. तुमच्यापैकी ज्यांनी जुनी गाडी घेतली असेल त्यांना हा संवाद पाठ असेल. ‘गॅस भरला होता हो, पंधरा दिवसांत कूलिंग गेलं.’ पुन्हा गॅस भरायचा, पुन्हा जायचा, आणि एक दिवस कॉम्प्रेसर जाम. मालक म्हणतो मेकॅनिकनं फसवलं, मेकॅनिक म्हणतो गाडीच बाद आहे. आमचं म्हणणं असं की या भांडणातला तिसरा पक्ष कधी समोर आलाच नाही. तो पक्ष म्हणजे १९८७ साली कॅनडातल्या माँट्रियल शहरात झालेला एक करार. करारानं गॅस बदलायला लावला. गॅस बदलला की त्याच्यासोबतचं ऑइल, रबर, ड्रायर, गेज, सगळंच बदलावं लागतं. कारखान्यात ते ठरल्या तारखेला बदललं. रस्त्याकडेच्या गॅरेजात ते कसं बदललं, ही आजची गोष्ट.

आधी थोडं मागे जाऊ. शंभर वर्षांपूर्वी थंडावा करणारी यंत्रं अमोनियावर, सल्फर डायऑक्साइडवर, मिथाइल क्लोराइडवर चालायची. तिन्ही विषारी. त्यातला अमोनिया अजून आपल्या आसपास आहे. बटाट्याच्या कोल्ड स्टोरेजजवळून जाताना नाकाला झोंबतो तो हाच. आंबेगावच्या सातगाव पठारावरच्या बटाटा उत्पादकांना तो सांगायला नको. अमोनिया स्वस्त आहे, कामाला उत्तम आहे, पण ओलावा मिळाला की तांबं खातो. म्हणून त्याच्या यंत्रात तांब्याचा पाइप चालत नाही, लोखंडाचा लागतो. कुठला गॅस कुठल्या धातूशी नांदतो, हा प्रश्न असा पहिल्यापासूनचा आहे.

१९२८च्या सुमारास अमेरिकेत थॉमस मिज्ली नावाच्या रसायनतज्ज्ञाच्या गटानं यावर तोड काढली. जळत नाही, वास नाही, विषारी नाही असा वायू. १९३० साली मिज्लीनं शास्त्रज्ञांच्या सभेत तो छातीत भरून घेतला आणि फुंकर मारून मेणबत्ती विझवून दाखवली. एका श्वासात दोन गोष्टी सिद्ध : माणूस मरत नाही आणि वायू पेटत नाही. हाच पुढे फ्रेऑन-१२ किंवा आर-१२ म्हणून ओळखला गेला. १९३९ साली पॅकार्ड कंपनीनं एसी बसवलेली मोटार प्रदर्शनात मांडली, आणि पुढची पन्नास वर्षं मोटारीचा एसी म्हणजे आर-१२ हे समीकरण राहिलं.

भारतात हा वायू तयार करायला मफतलाल समूहानं १९६७ साली सुरतेला नवीन फ्लोरीन काढली. ‘मॅफ्रॉन’ हे नाव जुन्या फ्रीज दुरुस्तीवाल्यांच्या तोंडी अजून आहे. मोटारीचा एसी मात्र आपल्याकडे फार दिवस चैनीचीच वस्तू होता. १४ डिसेंबर १९८३ला मारुती ८०० रस्त्यावर आली, १९८५ साली सुब्रोस ही गाड्यांचे एसी बनवणारी कंपनी निघाली, आणि तिथून मध्यमवर्गाच्या गाडीत थंड हवा शिरली. तरी ती शहरातल्या मध्यमवर्गाच्या. आपल्या तालुक्यांत त्या काळी माणसं वाहायची एसटी आणि वडापची जीप. एसीची गाडी इकडे आली ती मुंबई-पुण्यात दोन मालकांच्या हाताखालून गेल्यावर. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिचं महत्त्व कळेल.

दरम्यान आकाशात वेगळंच घडत होतं. १९७४ साली मोलिना आणि रोलंड या शास्त्रज्ञांनी दाखवून दिलं की हे न मरणारे वायू वर चढतात, तिथे त्यांच्यातला क्लोरीन सुटतो आणि ओझोनचा थर खातो. आर-१२ हवेत जवळपास शंभर वर्षं टिकतो. खाली जो टिकाऊपणा गुण होता तोच वर जाऊन दोष ठरला. १९८५मध्ये अंटार्क्टिकावरच्या ओझोनच्या छिद्राची बातमी आली आणि १६ सप्टेंबर १९८७ला माँट्रियल करारावर सह्या झाल्या.

भारतानं लगेच सही केली नाही, आणि आमच्या मते ते बरोबर होतं. हा वायू आयुष्यभर वापरला श्रीमंत देशांनी. आपला दरडोई वापर त्यांच्यापुढे नगण्य. मग नव्या तंत्राचा खर्च कुणी द्यायचा? १९९० साली लंडनच्या बैठकीत तेव्हाच्या पर्यावरणमंत्री मनेका गांधी यांनी हाच मुद्दा लावून धरला. त्या बैठकीत विकसनशील देशांसाठी निधी उभा करायचं ठरलं आणि १९९२मध्ये भारत करारात सामील झाला. आपल्याला दहा वर्षांची सवलत मिळाली. पुढच्या तारखा भराभर सांगतो : २००० साली ओझोन नियमावली, १ जानेवारी २००३ पासून नव्या उपकरणांत हे वायू वापरायला बंदी (दम्याचे पंप वगैरे औषधी वापर सोडून), ऑगस्ट २००८ मध्ये देशातलं उत्पादन जवळजवळ थांबलं, २०१० पासून पूर्ण बंद. जागतिक करारांच्या इतिहासात इतकं सुरळीत पार पडलेलं काम दुसरं दाखवणं कठीण आहे.

पण हे झालं सरकारी कॅलेंडर. गॅरेजचं कॅलेंडर वेगळं असतं. १९९५ची गाडी २००३ला तिसऱ्या मालकाकडे येते, २००९ला चौथ्याकडे. कायदा नव्या गाडीला लागू झाला आणि जुनी गाडी तालुक्याला आली. म्हणजे शहरात जे स्थित्यंतर संपत आलं होतं, ते मंचर-नारायणगावला तेव्हा सुरू होत होतं. आर-१२चं सिलिंडर महाग होत गेलं, मग मिळेनासं झालं. दुकानात मिळत होता तो नवा गॅस, आर-१३४ए. मेकॅनिकच्या भाषेत ‘एकशे चौतीस’. मालकाचं म्हणणं सरळ असायचं : गॅसच आहे ना, भरा.

आता इथे जरा थांबू, कारण सगळी गोम इथे आहे. एसीत गॅस एकटा फिरत नाही. कॉम्प्रेसरमध्ये वंगणासाठी ऑइल असतं आणि गाडीच्या एसीत ते ऑइल गॅसबरोबरच सगळीकडे फिरतं. कंडेन्सरमधून, ड्रायरमधून, एक्स्पान्शन व्हॉल्व्हमधून, कूलिंग कॉइलमधून, आणि परत कॉम्प्रेसरला येतं. ते परत येतं कारण ते गॅसमध्ये विरघळलेलं असतं. आर-१२सोबत साधं खनिज तेल चालायचं, कारण दोघं दुधात साखर विरघळावी तसे एकजीव व्हायचे. एकशे चौतीसमध्ये खनिज तेल विरघळत नाही. गॅस पुढे निघून जातो, तेल कूलिंग कॉइलच्या तळाशी साचतं, आणि कॉम्प्रेसर कोरडा फिरत राहतो. पहिले काही दिवस थंड हवा येते, गेजवरही सगळं ठीकठाक दिसतं. म्हणून तर माणूस फसतो.

त्यात आणखी एक विचित्र गोष्ट. आर-१२मधला जो क्लोरीन ओझोनचा वैरी, तोच कॉम्प्रेसरच्या आत धातूवर पातळ थर धरून झीज वाचवायचा. नव्या गॅसमध्ये क्लोरीन नाही, म्हणजे ते वरकड वंगणही गेलं. आता सगळा भार ऑइलवर, आणि ऑइल तर चुकीचं. मग धातूची झीज, तिचा काळा चिखल, व्हॉल्व्ह तुंबणं, आणि शेवटी जाम.

मग योग्य ऑइल घाला की. घालायचं तर पॅग नावाचं कृत्रिम ऑइल. पण पॅगचा स्वभाव असा की हवेतला ओलावा ते मिठासारखं ओढतं. डबा उघडा राहिला की खराब. आपल्याकडच्या पावसाळ्यात, भीमाशंकरच्या बाजूला तर विचारूच नका, उघड्या डब्यातलं पॅग म्हणजे पाणी घातलेलं ऑइल. शिवाय जुन्या सिस्टिममध्ये आर-१२चे अवशेष राहिले असतील तर त्यांच्या क्लोरीननं पॅग बिघडतं. म्हणून गॅस बदलताना एस्टर जातीचं ऑइल वापरावं असा सल्ला दिला जायचा. ते उरल्यासुरल्या खनिज तेलाशी आणि जुन्या अवशेषांशी बऱ्यापैकी जुळवून घेतं.

पुढे ड्रायर. त्यात पाणी शोषणारे मणी असतात. आर-१२च्या काळातले मणी नव्या गॅससमोर टिकत नाहीत, त्यांचा भुगा होऊन व्हॉल्व्हमध्ये जातो. ड्रायर बदलायचा. ओ-रिंगचं जुनं रबर नव्या गॅस-ऑइलच्या जोडीला पुरतं जुळत नाही. ओ-रिंग बदलायच्या. नव्या गॅसचा रेणू लहान, तो जुन्या रबरी होजमधून हळूहळू झिरपतो. ‘लीकेज कुठेच नाही, तरी गॅस जातो’ या कोड्याचं एक उत्तर हे. होजही बदलायचे.

आणि लीकेज शोधायचं कसं? जुनी पद्धत होती हॅलाइड टॉर्चची. तांब्याच्या पत्रीवर जळणारी ज्योत गळतीजवळ नेली की क्लोरीनमुळे हिरवी व्हायची. नव्या गॅसमध्ये क्लोरीन नाही, तर ज्योत हिरवी होणार कुठून? हत्यार हातात आहे, हात सरावलेला आहे, आणि हत्यारच आंधळं झालं. साबणाचा फेस तेवढा दोन्ही गॅसना सारखाच इमानदार राहिला.

आता दाब. शून्य अंशाला आर-१२चा दाब साधारण ३.१ बार आणि एकशे चौतीसचा २.९. वीस अंशाच्या आसपास दोघं सारखे होतात. पण साठ अंशाला आर-१२ सव्वापंधरा बारवर आणि एकशे चौतीस पावणेसतरावर. म्हणजे गरम बाजूला नवा गॅस जास्त जोर लावतो आणि त्याला मोठा कंडेन्सर लागतो. आता एप्रिल-मेमधली दुपार डोळ्यांपुढे आणा. बायपास व्हायच्या आधीचा खेडचा घाट, पुढे ट्रकची रांग, गाडी जागेवर, कंडेन्सरला वारा नाही, जाळीत शेतरस्त्याची धूळ बसलेली. जुन्या मापाच्या कंडेन्सरमध्ये नवा गॅस, तोही जुन्या वजनानं भरलेला. खरं तर नवा गॅस वजनानं दहा ते वीस टक्के कमी भरायचा असतो. अशा वेळी दाब चढतो, इंजिन तापतं, आणि ड्रायव्हर एसी बंद करून काचा खाली करतो. ‘घाटात एसी लावू नये’ या शहाणपणात ही चुकीच्या जोड्यांची भर किती, याचा हिशेब कुणी मांडलेला नाही.

या गोंधळाची कल्पना करार करणाऱ्यांना नव्हती असं नाही. म्हणून तर नव्या गॅसच्या सर्व्हिस पोर्टची तोंडं मुद्दाम वेगळी केली. जुन्याला आट्यांची तोंडं, नव्याला खटकन बसणारी, आणि तीही हाय साइडला एक माप, लो साइडला दुसरं. चुकीचा पाइप बसूच नये. अमेरिकेत गॅस बदलला की नवी तोंडं आणि नवं लेबल लावणं बंधनकारक केलं गेलं. पण तोंड बदलायला अडॅप्टर मिळतो, आणि तो लावला की आतलं सगळं बदललं असा समज होतो. चौथ्या मालकाच्या गाडीवर लेबल नसेल तर आत काय आहे हे कुणालाच माहीत नाही. निम्मा आर-१२, निम्मा एकशे चौतीस असं मिश्रण झालं, तर त्याचा दाब दोघांहून वेगळा. गेज वाचून काहीच कळत नाही आणि ते मिश्रण गॅरेजात वेगळं करता येत नाही. ते एकतर काढून घेऊन नष्ट करायचं, नाहीतर, आणि बहुधा हेच व्हायचं, हवेत सोडायचं. ज्या वायूला हवेपासून वाचवायला करार केला, तो कराराच्या अंमलबजावणीतच हवेत गेला, हे इतिहासात नोंदवलं पाहिजे. गॅस काढून घेणारं यंत्र तालुक्याच्या गॅरेजाला परवडणारं नव्हतं. केंद्र सरकारनं आंतरराष्ट्रीय निधीतून दुरुस्ती कारागिरांची प्रशिक्षणं घेतली, ती चांगलीही होती. पण एकट्यानं दुकान चालवणाऱ्याला दोन दिवस शटर बंद ठेवून जायचं म्हणजे दोन दिवसांची रोजी बुडवायची.

टंचाई आली की बनावट माल येतो. आर-१२ला पर्याय म्हणून ज्वालाग्राही वायूंची मिश्रणं जगभर विकली गेली. कूलिंग चांगलं देतात, जुन्या ऑइलशीही पटतं, पण ती घरच्या सिलिंडरची भावंडं आहेत, आणि कूलिंग कॉइल बसते माणसांच्या गुडघ्यांपुढे. सिलिंडरच्या रंगावर तर विश्वास ठेवायचाच नाही. निळा म्हणजे एकशे चौतीस, पण रंगाचा डबा बाजारात कुणालाही मिळतो.

बनावट गॅस काय करू शकतो याचं सर्वांत भयानक उदाहरण आपल्या द्राक्षांशी नातं सांगणारं आहे. नारायणगाव पट्ट्यातला टोमॅटो क्रेटमध्ये भरून उघड्या गाडीतून जातो. निर्यातीचं द्राक्ष तसं जात नाही. ते प्री-कूलिंग होऊन रीफर कंटेनरमध्ये बसतं आणि न्हावा-शेवा बंदरातून बाहेर पडतं. त्या कंटेनरच्या थंड यंत्रातही बहुधा एकशे चौतीसच असतो. २०११ साली व्हिएतनाममध्ये दुरुस्त झालेल्या काही रीफर कंटेनरांचे स्फोट झाले, तीन जण दगावले, आणि जगभरात हजारो कंटेनर बाजूला काढावे लागले. एकशे चौतीसच्या नावाखाली भरलेल्या गॅसमध्ये मिथाइल क्लोराइड निघालं. हो, तेच, मिज्लीच्या आधीच्या काळातलं. त्याची ॲल्युमिनियमशी प्रक्रिया होऊन जो पदार्थ तयार होतो तो हवा लागताच पेटतो. ऐंशी वर्षांपूर्वी हद्दपार केलेला वायू खोट्या लेबलाखाली परत आला, आणि या वेळी समोर ॲल्युमिनियम होतं. आपल्या गाड्यांच्या कॉम्प्रेसरची बॉडीही ॲल्युमिनियमचीच असते, एवढं सांगून पुढे जातो.

पुढे म्हणजे आजवर. एकशे चौतीस ओझोनला धक्का लावत नाही, पण कार्बन डायऑक्साइडच्या मानानं सुमारे चौदाशे पट उष्णता अडवतो. म्हणून २०१६ साली रवांडातल्या किगाली शहरात त्याच्यावरही कात्री आली. भारतानं २०२१मध्ये मान्यता दिली. आपला वापर २०२८ला गोठायचा, २०३२पासून उतरायचा, २०४७पर्यंत ८५ टक्के कमी व्हायचा. युरोपात २०१७पासून नव्या मोटारींत एकशे चौतीस बंद आहे. तिथे आता आर-१२३४वायएफ चालतो. हवेत दोन आठवडेही टिकत नाही, पण थोडासा ज्वालाग्राही आहे, महाग आहे, त्याचं ऑइल वेगळं आणि तोंडंही वेगळी. आपल्याकडच्या बहुतेक गाड्यांत अजून एकशे चौतीसच आहे. म्हणजे आर-१२ जिथे १९९०च्या दशकात उभा होता, तिथे आज एकशे चौतीस उभा आहे. महागाई, टंचाई, बनावट माल, अडॅप्टर, हे सगळं पुन्हा येऊ शकतं, आणि तालुक्याला ते पुन्हा दहा वर्षं उशिरा पोचेल.

या वेळी एक नवी भानगड आहे, ती विजेवर चालणाऱ्या गाड्यांची. तिचं कॉम्प्रेसर पट्ट्यावर नाही, विजेच्या मोटरवर फिरतं, आणि ती मोटर गॅस-ऑइलमध्येच बुडालेली असते. तिथे वीजरोधक एस्टर ऑइल लागतं. पॅग वीज वाहू देतं. पॅगचा थोडा अंश जरी आत गेला तरी इन्सुलेशन उतरतं, गाडीचा संगणक दोष दाखवतो आणि कधीकधी गाडी चालूच होऊ देत नाही. आता हा अंश येतो कुठून? कुणी मुद्दाम घालत नाही. सकाळी त्याच मशीननं आणि त्याच होजनं साध्या मोटारीत गॅस भरलेला असतो, होजच्या आत पॅगची ओल राहिलेली असते, आणि दुपारी इलेक्ट्रिक गाडी येते. गॅस दोन्हीत एकच, एकशे चौतीस. तोंडंही तीच. पाइप खटकन बसतो.

चाकणचे कारखाने मंचरपासून तासाभराच्या अंतरावर आहेत, पण चाकणमध्ये गॅस, ऑइल आणि मशीन एका दिवशी बदलतं. मंचरच्या गॅरेजात त्या मेकॅनिकनं दुसरा होज-सेट, दुसरं मशीन स्वतःच्या पैशानं घ्यायचं आहे, आणि अशी गाडी महिन्यातून एखादीच येणार. ते पैसे कुणी द्यायचे, हा १९९० सालचा लंडनमधला प्रश्न देशादेशांमध्ये तरी विचारला गेला. तालुक्याच्या पातळीवर तो अजून कुणी विचारलेला नाही.

इथे थांबतो. प्रश्न घेऊ या. समोर बसलेल्यांत कुणी एसीचं काम करणारे असतील, तर त्यांनी आधी बोलावं.